नीळ घातलेलं पाणी : एका फवारणीपटाचं प्रकरण

हे प्रकरण नऊ मिनिटांच्या एका फिल्मचं आहे. फवारणी करताना विष अंगात कसं जातं आणि ते कसं अडवायचं, हे शेतमजुरांना दाखवण्यासाठी २०१८ च्या खरिपात यवतमाळ जिल्ह्यातल्या राळेगाव तालुक्यात ती तयार झाली. खरं तर दोनदा तयार झाली. पहिली बारा मिनिटांची होती, देखणी होती, पैसे देणाऱ्यांना पसंत पडली होती आणि गावात तिचा काडीचाही उपयोग झाला नाही. दुसरी नऊ मिनिटांची. या दोन फिल्मांच्या मधल्या सहा आठवड्यांनी माझी काम करायची रीत बदलली. आजही माझ्या प्रत्येक कोटेशनमध्ये त्या सहा आठवड्यांतून आलेली एक ओळ असते.

मी शैक्षणिक आणि औद्योगिक माहितीपट करतो. जिनिंग, कोळसा खाण, पाणलोट, बचत गट, आरोग्य असे विषय असतात. या फिल्मा कुठल्या टॉकीजला लागत नाहीत. त्या प्रशिक्षणाच्या खोलीत, ग्रामपंचायतीच्या भिंतीवर आणि आता फोनवर पाहिल्या जातात. ज्यांनी पाहायच्या ते दिवसभर राबून आलेले असतात आणि ज्यांनी पैसे द्यायचे ते बहुतेक वेळा त्या गावात कधी मुक्कामाला राहिलेले नसतात. या दोघांच्या मध्ये उभं राहण्याचा हा धंदा आहे.

धंदा कसा उभा राहिला

लहानपणी तालुक्याच्या टॉकीजमध्ये मुख्य पिक्चरच्या आधी फिल्म्स डिव्हिजनचा छोटा माहितीपट लागायचा. ही सरकारी संस्था १९४८ सालची. तिच्या फिल्मा टॉकीजवाल्यांना दाखवाव्याच लागत. लोक तेवढ्या वेळात बाहेर जाऊन खर्रा, म्हणजे सुपारी-तंबाखूचं मिश्रण, घोटून यायचे. मी बसून राहायचो. धरणाच्या भिंतीवर काँक्रीट ओतणारी माणसं, भट्टीतून वाहणारं पोलाद, हातमागाचा धोटा. कुणीतरी आपलं काम नीट करतंय हे बघत राहावंसं वाटायचं. अजूनही वाटतं.

सुरुवात लग्नांनी झाली. व्हीएचएसचा खांद्यावरचा कॅमेरा, सोबत दिवा धरणारा पोरगा. मंगलाष्टकं तुमच्यासाठी दुसऱ्यांदा होत नाहीत, ही शिस्त तिथेच अंगात भिनली. मग एका जिनिंगवाल्याला बाहेरगावच्या व्यापाऱ्यांना दाखवायला कारखान्याची फिल्म हवी होती. ती माझी पहिली औद्योगिक फिल्म. डबल रोलर जिनात कापूस पडतो, रुई एका अंगाने पांढऱ्या पदरासारखी बाहेर येते, सरकी जाळीखाली झडते आणि प्रेसमध्ये दाबून १७० किलोची गाठ बांधली जाते. मी हे सगळं संगीतावर फार प्रेमानं कापलं.

पण यंत्राच्या आधी, कापसाच्या ढिगाशी बसून त्यातला खडा, लोखंडाचा तुकडा, सुतळी हातानं वेचणाऱ्या बाया होत्या. मालकाला कारखाना आधुनिक दिसायला हवा होता, म्हणून त्यांना फ्रेमबाहेर ठेवलं. एखादा खडा किंवा खिळा रोलरशी गेला, ठिणगी उडाली, की रुईची अख्खी गंजी पेटते. ती आग रोज टाळण्याचं काम त्या बाया करत होत्या आणि माझ्या फिल्ममध्ये तेच काम नव्हतं. मालकाचं समाधान झालं, मला पुढची दोन कामं मिळाली. त्या बायांची आठवण मला नंतर राळेगावात झाली.

पुढे खाणीची कामं आली. १९६६ च्या नियमांनुसार खाणीत उतरणाऱ्या कामगाराला आधी व्यावसायिक प्रशिक्षण द्यावं लागतं आणि वणी-चंद्रपूर पट्ट्यात खाणी भरपूर, त्यामुळे सुरक्षिततेच्या फिल्मांना मागणी असते. २०१३ च्या कंपनी कायद्यानं ठरावीक मर्यादेवरच्या कंपन्यांना नफ्याचे दोन टक्के समाजकार्यावर खर्च करणं बंधनकारक केलं. २०१४ पासून तो पैसा आमच्यासारख्यांपर्यंत झिरपू लागला. वर्षाला चार-पाच कामं नक्की मिळू लागली, कॅमेरा बदलता आला, एडिटिंगला एक मुलगा ठेवता आला. त्याची किंमतही होती. फिल्म कुणासाठी आहे, या प्रश्नाला हळूहळू दोन उत्तरं झाली. एक अहवालाला जोडायला आणि दुसरं गावाला दाखवायला.

२०१७ चा खरीप

विदर्भाबाहेरच्या वाचकांसाठी थोडं सांगायला हवं. २०१७ च्या खरिपात यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी आणि शेतमजूर दगावले. शेकडो जणांना दवाखान्यात न्यावं लागलं. सरकारनं विशेष तपास पथक नेमलं.

त्या वर्षी बरंच काही एकत्र आलं होतं. पऱ्हाटी, म्हणजे कपाशीचं झाड, खूप वाढली होती, काही वावरांत माणसाच्या डोक्याच्या वर. कमरेच्या खाली मारायचा फवारा तोंडाच्या उंचीला गेला. बीटी कपाशीला न जुमानणारी गुलाबी बोंडअळी आणि रस शोषणाऱ्या किडी यांच्या धास्तीनं फवारण्या वाढल्या. दोन-तीन औषधं एकत्र कालवली गेली. हवा दमट, अंगावर घाम आणि जोरानं बारीक तुषार उडवणारे पॉवर पंप. मजुराला पैसे टाकीमागे मिळतात, म्हणून तो थांबत नाही. मळमळलं तरी अजून दोन टाक्या मारतो. दवाखान्यात पोचलेल्या माणसानं नेमकं काय फवारलं हे सोबत आलेल्यांना सांगता येत नव्हतं आणि उपचार तर त्यावर ठरतो. सेंद्रिय फॉस्फरस गटातलं विष असेल तर ॲट्रोपिन देतात, सगळ्याच विषांवर ते चालत नाही.

त्या पावसाळ्यात मी दुसऱ्या कामासाठी यवतमाळला होतो. सरकारी दवाखान्याच्या आवारात झाडाखाली एक बाई नवऱ्याचा सदरा मांडीवर घेऊन बसली होती. सदऱ्याला उग्र वास होता. आत तिचा माणूस होता आणि बाहेर तिच्या मांडीवर तेच विष होतं. हे मी पाहिलं, पण त्याचा अर्थ मला पुढच्या वर्षी लागला.

पहिली फिल्म

२०१८ च्या उन्हाळ्यात एका कंपनीच्या निधीतून काम आलं. दोन अटी होत्या. फवारण्या जोरात सुरू व्हायच्या आत फिल्म तयार हवी आणि त्यात सुरक्षा किट ठळक दिसायला हवं. मास्क, गॉगल, हातमोजे, ॲप्रन, टोपी. दोन्ही अटी रास्त होत्या. मी होकार दिला.

जुलैच्या पहिल्या आठवड्यात शूटिंग केलं. पेरणीला तीन आठवडे झालेले, पऱ्हाटी वीतभर. किट घातलेला माणूस हिरव्या तासांमधून, म्हणजे पिकाच्या ओळींमधून, चालतोय, मागे ढग, कॅमेरा खाली जमिनीशी. फार सुंदर शॉट आला. फवारा गुडघ्याच्याही खाली पडत होता, अंगावर थेंब नाही. व्हॉइसओव्हर नागपूरच्या स्टुडिओत झाला. आवाज भारदस्त आणि भाषा अशी: ‘कीटकनाशकांची फवारणी करताना संरक्षक साधनांचा वापर करावा.’ कंपनीच्या लोकांनी रफ कट, म्हणजे फिल्मची कच्ची जोडणी, पाहिला आणि एकही बदल सांगितला नाही. माझ्या धंद्यात असं क्वचित होतं. मी खूश होतो.

जुलैच्या शेवटी गावातल्या समाजमंदिरात पडदा लावला. सायंकाळी सात वाजता साठेक माणसं होती. निम्मे पुरुष फवारणीचे मजूर होते, मागे भिंतीशी बाया आणि पुढे पोट्टे. बारा मिनिटं कुणी हललं नाही. संपल्यावरही नाही. शांतता बघून मला वाटलं, फिल्म लागली. दिवे लागल्यावर एक चाळिशीतला माणूस उठला. गावात फवाऱ्याला त्यालाच पहिल्यांदा बोलावतात. तो शांतपणे म्हणाला, “भाऊ, एवढं सारं घालून एक टाकी मारून दाखवा ना. मंग आमी बी घालतो.”

हशा झाला. तो ओसरला तशी मागून एक काकू म्हणाली, “अन् ते कपडे कोन धुते, ते नाई दाखवलं तुमी.”

मी काहीतरी बोललो असेन. काय ते आठवत नाही. सामान गाडीत भरताना मला दवाखान्यातल्या त्या बाईच्या मांडीवरचा सदरा आठवला.

एक टाकी

दुसऱ्या दिवशी मी गावात थांबलो. किट घातलं, पंधरा लिटरचा पंप साध्या पाण्यानं भरून पाठीवर घेतला आणि त्याच मजुरासोबत वावरात उतरलो. साडेअकरा वाजले होते, ऊन-सावलीचा दिवस, हवेत पाणी भरलेलं. पाचव्या मिनिटाला गॉगलच्या आत वाफ धरली आणि पऱ्हाटीचा पुढचा तास दिसेना. मी गॉगल वर सारला. दहाव्या मिनिटाला मास्क ओला होऊन नाकाला चिकटला, तो खाली ओढला. टाकी संपली तेव्हा माझ्या अंगावर फक्त ॲप्रन आणि हातमोजे उरले होते आणि हातमोज्यांत घाम साचला होता. मी एक टाकी मारली. तो दिवसाला पंधरा-वीस मारतो.

तो धुऱ्यावर, म्हणजे वावराच्या बांधावर, बसून पाहत होता. टोमणा नाही मारला. पाणी दिलं आणि म्हणाला, “सकाळी सात ते दहा घालता येते. मंग नाई होत. थे सांगा ना तुमी फिल्ममंदी.”

त्या दुपारी माझ्या वहीत त्याच्या बोलण्यातून निघालेल्या बावीस नोंदी आहेत. नोझलमध्ये कचरा अडकला की काय करता? तोंडानं फुंकतो. औषध कशानं मोजता? झाकणानं, कधी अंदाजानं. कालवता कशानं? काडी मिळाली तर काडीनं, नाही तर हातानं. पंप गळतो का? झाकणाची वायसर (वॉशर) खराब झाली की पाठीवर ओघळ येतो. हे सगळं कृषी खात्याच्या पत्रकांत ‘करू नये’ म्हणून छापलेलं असतंच. त्याला तेही ठाऊक होतं. अडचण वेगळी होती. विष अंगावर कुठे बसतं हे त्याला दिसत नव्हतं. वास तर दिवसभर असतोच, त्यामुळे वासाचा इशारा उरत नाही. तुषार पारदर्शक असतो. जे दिसत नाही त्याच्यापासून माणूस अंग चोरत नाही.

दादासाहेब फाळक्यांनी १९१२ च्या सुमारास कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपासमोर कॅमेरा लावून ठरावीक वेळानं एकेक फ्रेम टिपली होती. डोळ्याला न दिसणारी वाढ पडद्यावर हलताना दिसली, भांडवल देणाऱ्यांचा विश्वास बसला आणि पुढच्या वर्षी हरिश्चंद्र आला. मराठी माणसाच्या सिनेमाच्या मुळाशी एक शैक्षणिक फिल्म आहे, याचा मला फार अभिमान वाटतो. त्या रात्री मी तोच विचार करत होतो. वाटाणा वाढताना दिसू शकतो, तर विष बसताना का नाही?

उत्तर घरात होतं. बायको माझे पांढरे सदरे नीळ घालून काढते. वावरात विष न्यायचं नाही, नवा कोरा पंप घ्यायचा, त्यात नीळ घातलेलं पाणी भरायचं आणि फवारणाऱ्याला पांढरेशुभ्र कपडे घालायचे. परदेशांत शेतमजुरांच्या प्रशिक्षणात चमकणारा रंग आणि अतिनील दिवा वापरतात, हे मला नंतर एका कृषी अभियंत्याकडून कळलं. आमच्याकडे किराणा दुकानातली नीळ होती.

नीळ

ऑगस्टच्या शेवटी भारी काळ्या जमिनीतल्या एका वावरात पऱ्हाटी छातीला लागली होती. आता ती २०१७ सारखी दिसत होती, तशीच दाट. तोच मजूर, पांढरा सदरा, पांढरा पायजमा. मी त्याला एवढंच सांगितलं, रोज मारता तसाच मारा. दोन कॅमेरे होते. एक त्याच्यासोबत चालणारा, एक धुऱ्यावर स्थिर.

तो नळी समोर धरून डावी-उजवी फिरवत तासातून चालला. फवारा पानांवर पडत होता आणि पुढच्या पावलाला तीच ओली पानं त्याच्या मांड्यांना घासत होती. तीस पावलांत मांड्या निळ्या झाल्या. टाकी संपायच्या आत पायजमा पुढून पार भिजला होता. पाठीवर पंपाच्या झाकणातून आलेला एक जाड निळा ओघळ कमरेपर्यंत उतरला होता. वारा वळला तेव्हा छातीवर आणि मानेवर बारीक ठिपके उठले.

मग नोझल अडकलं. आम्ही अडकवलं नव्हतं, पानाचा तुकडा होता. त्यानं सवयीनं नोझल काढलं, तोंडाला लावलं आणि फुंकलं. कॅमेरा चालू होता. त्यानं मान वर केली तेव्हा खालच्या ओठावर निळी गोल कड होती. कुणी बोललं नाही. माझ्या सहकाऱ्यानं झूम केला नाही, हे त्याचं शहाणपण. चेहरा तसाच लांबून राहिला, ऊन पडलेला, ओठ निळा.

टाकी संपल्यावर तो धुऱ्यावर बसला आणि खिशातून खर्र्याची पन्नी काढली. विदर्भात हे सांगायला नको, दोन टाक्यांच्या मध्ये खर्रा असतोच. त्यानं पन्नी तळहातावर घोटली, चिमूट उचलली आणि बोटांकडे पाहिलं. बोटं निळी होती. चिमूट तोंडापाशी नेऊन त्यानं थांबवली. आमच्यापैकी कुणी ‘थांबा’ म्हटलेलं नव्हतं. तो बोटं पाहत राहिला, मग खर्रा परत पन्नीत टाकला, हात सदऱ्याला पुसला, सदऱ्यावर पाच बोटं उमटली. हा चौदा सेकंदांचा शॉट फिल्ममध्ये एका कापेशिवाय आहे, त्यावर आवाज नाही, संगीत नाही.

लगेच त्याला साबण-पाण्यानं हात-तोंड धुवायला लावलं. मग दुसरा कोरा जोड घालून तोच तास पुन्हा मारला. या वेळी नळी समोर न धरता वारा जिकडे वाहतो त्या बाजूला धरली, चालताना न फवारलेल्या तासातून चालायचं आणि कमरेला प्लास्टिकचा कागद लुंगीसारखा गुंडाळलेला. पंपाची वायसर बदलली होती. मांड्यांवर थोडे ठिपके आले, पाठ कोरी राहिली. दोन्ही जोड आम्ही धुऱ्यावरच्या बाभळीला शेजारी शेजारी वाळत घातले. तो फिल्मचा शेवटून दुसरा शॉट आहे.

संध्याकाळी काकूंच्या अंगणात गेलो. समाजमंदिरात प्रश्न विचारणाऱ्या त्याच. त्यांनी तो पहिला निळा जोड रोजच्यासारखा टबात टाकला. टबात नातवाचा शाळेचा पांढरा शर्ट आधीच होता. पाणी निळं झालं, शर्ट निळा झाला, काकूंचे हात कोपरापर्यंत निळे झाले. त्यांनी शर्ट वर धरला आणि कॅमेऱ्याकडे न बघता म्हणाल्या, “बघ बाप्पा. हे मी रोज करून राह्यली.”

दुसरा कट

आता फिल्म वेगळीच झाली. पहिल्या कटमधले सात मिनिटांचे सुंदर शॉट काढले. त्यात जमिनीशी ठेवलेल्या कॅमेऱ्याचा तो शॉटही गेला, आणि मला त्याचं वाईट वाटलं. कामाचा क्रम मजुराच्या दिवसाप्रमाणे ठेवला: बाटली, कालवणं, टाकी भरणं, फवारा, नोझल, खर्रा, पाणी, घर, टब. नोझल साफ करायला जुना दातांचा ब्रश पंपाच्या पट्ट्याला बांधायचा, ही कल्पना त्या मजुराचीच.

किट काढलं नाही. हातमोजे कालवताना घालायचेच, कारण तेव्हा विष पाण्यात मिसळलेलं नसतं आणि त्या एका क्षणी ते सगळ्यांत जहाल असतं. मास्क आणि गॉगल सकाळच्या तीन तासांत घालायचे आणि फवारा त्याच तीन तासांत मारायचा. संपूर्ण संहिता एका कृषिशास्त्रज्ञाला आणि एका डॉक्टरला वाचायला दिली. डॉक्टरांनी एक भर घातली ती मोलाची: चक्कर, लाळ, डोळ्यांपुढे अंधारी आली की कपडे काढा, अंग साबणानं धुवा आणि दवाखान्यात जाताना बाटली सोबत न्या. बाटली म्हणजे लेबल. लेबलवरच्या चौकोनातला खालचा त्रिकोण लाल असेल तर अतिविषारी, पिवळा त्याखालोखाल, मग निळा, मग हिरवा. यासाठी दीड मिनिटाची वेगळी क्लिप केली. त्या काळी व्हॉट्सॲपवर १६ एमबीपेक्षा मोठा व्हिडिओ जात नव्हता, तेवढ्यात बसवली.

एका शब्दावर मी बरेच दिवस अडलो. गावात फवाऱ्याच्या विषाला सगळे ‘औषध’ म्हणतात. दुकानदार म्हणतो, शेतकरी म्हणतो, मीही म्हणतो. एका म्हाताऱ्या दादाजींनी विचारलं होतं, “औषध म्हणल्यावर पोट्टे भीतीन कसे?” पण फिल्ममधल्या माणसांच्या तोंडी ‘कीटकनाशक’ घातलं की ती परकी होतात, हे पहिल्या कटनं दाखवलं होतं. शेवटी असं ठरवलं की माणसं बोलतील तेव्हा ‘औषध’ म्हणतील आणि निवेदन फक्त ‘विष’ म्हणेल. निवेदन काकूंनीच वऱ्हाडीत केलं. स्टुडिओत नाही, त्यांच्या ओसरीवर, मागे कोंबड्यांच्या आवाजात.

कंपनीच्या लोकांना हा कट पाहवला नाही, असं म्हणणं अन्यायाचं होईल. त्यांना तो अस्वस्थ करून गेला. निळा ओठ काढा, असं एकानं सुचवलं. किटवरचं बोधचिन्ह पुरेसं दिसत नाही, हे दुसऱ्याचं म्हणणं. माझं म्हणणं एवढंच होतं की बोधचिन्ह शेवटच्या पाटीवर मोठं करू, ओठ राहू द्या. दोन बैठका झाल्या. ओठ राहिला. दुसऱ्या शूटिंगचे पैसे मात्र मिळाले नाहीत, कारण ते करारात नव्हतं. ते माझ्या खिशातून गेले आणि त्या कंपनीचं पुढचं काम मला आलं नाही. याचा त्रास झाला. घर चालवायचं असतं, एडिटिंगच्या मुलाचा पगार द्यायचा असतो.

सप्टेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात त्याच समाजमंदिरात नऊ मिनिटांची फिल्म दाखवली. खर्र्याच्या शॉटला मागून कुणीतरी “अबे!” म्हणालं. शर्ट निळा झाला तेव्हा बायांमध्ये कुजबुज सुरू झाली ती फिल्म संपेपर्यंत थांबली नाही. नंतर प्रश्नांना दीड तास लागला. पहिल्या वेळी एकही प्रश्न फवाऱ्याबद्दल नव्हता, सगळे माझ्याबद्दल होते. या वेळी मला कुणी काही विचारलंच नाही. ते एकमेकांना विचारत होते. वायसर कुठं मिळते, टब वेगळा ठेवायचा तर पाणी कुठून आणायचं, मालकानं साबण द्यावा की नाही. साबणावरून दोन शेतकऱ्यांची आणि मजुरांची बोलाचाली झाली आणि ती तिथेच मिटलीही: फवाऱ्याच्या दिवशी साबणाची वडी मालकाची.

त्यानंतरचं काम

कोटेशनमधली ओळ अशी आहे: ‘रफ कट ज्यांच्यासाठी फिल्म आहे त्यांना दाखवणे, त्यांच्या सूचनेनुसार एक दिवसाचे फेरचित्रीकरण.’ तिच्यापुढे रक्कम असते. बरेच जण ती ओळ खोडून परत पाठवतात. काही कामं त्यामुळे गेली.

ही रीत माझी नाही, हे सांगायला हवं. १९७५-७६ मध्ये साइट या उपग्रह प्रयोगात सहा राज्यांतल्या सुमारे २,४०० गावांत दूरदर्शन संच पोचले. महाराष्ट्र त्यात नव्हता. तेव्हा कार्यक्रम करणाऱ्यांच्या जोडीला गावात जाऊन अभ्यास करणारी माणसं होती. कार्यक्रम आधी गावाला विचारून आणि नंतर गावाला दाखवून सुधारायचा, हे तेव्हापासून माहीत आहे. बजेट कापताना सगळ्यांत आधी तेच कापलं जातं.

जिथे ओळ मान्य झाली तिथे फरक दिसला. एका खुल्या कोळसा खाणीसाठी डंपरच्या सुरक्षिततेची फिल्म करताना रफ कट डंपर चालवणाऱ्यांना दाखवला. ते म्हणाले, आम्हाला काय दिसत नाही ते दाखवा. उभ्या डंपरभोवती त्यांनीच सहकाऱ्यांना बसवलं, चालकाच्या खुर्चीत कॅमेरा ठेवला. समोर रिकामी धूळ दिसत होती. मग कॅमेरा खाली उतरवला तर चाकाशी अकरा माणसं बसलेली. हा शॉट लिहून सुचला नसता.

मागच्या खरिपात राळेगावच्या त्या गावी गेलो होतो. पंप भाड्यानं देणाऱ्याच्या दुकानात पट्ट्याला ब्रश बांधलेले चार पंप टांगलेले दिसले. काकू भेटल्या, चहा झाला. त्यांच्या बचत गटात ड्रोनची चर्चा आहे. सरकारनं २०२३ मध्ये महिला गटांना १५,००० ड्रोन द्यायची योजना जाहीर केली, त्यातला एक आपल्याकडे यावा असं त्यांना वाटतं. ड्रोन एकरभर फवारा जेमतेम दहा लिटर पाण्यात करतो. पाठीवरच्या पंपाला तेवढ्याच रानाला कितीतरी जास्त पाणी लागतं. म्हणजे फवारणारा वावरातून बाहेर निघतो, पण टाकीतलं द्रावण फार दाट होतं आणि ते कालवून भरणारे हात बाईचे असतील.

काकूंनी पुढचं शूटिंग कधी ते विचारलं. या वेळी पैसे देणारं अजून कुणी नाही. मी पांढऱ्या हातमोज्यांचे सहा जोड आणि नीळेच्या दोन बाटल्या घेऊन ठेवल्या आहेत.